तीस शर्यतींतला एक विजय

लेस्टर,
२० नोव्हेंबर

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र गेल्या आठवड्यात मिळाले. वहिनींच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया नीट पार पडली हे वाचून जीव भांड्यात पडला. पत्राच्या शेवटी तू जो प्रश्न विचारला आहेस, त्याचे उत्तर फोनवर देता आले असते. पण तसे दिले असते तर आपण नेहमीप्रमाणे वाद घातला असता आणि मला जे सांगायचे आहे ते मध्येच राहून गेले असते. म्हणून लिहितो आहे, आणि सविस्तर लिहितो आहे.

तू विचारले आहेस की, ज्या माणसाने २०१८ च्या मोसमात तीस शर्यतींपैकी फक्त एक जिंकली, त्याला त्या वर्षीचा ब्रिटिश टूरिंग कार स्पर्धेचा, म्हणजे रस्त्यावरच्या गाड्या शर्यतीसाठी तयार करून पळवतात त्या स्पर्धेचा, विजेता म्हणायचे तरी कसे? हा कॉलिन टर्किंग्टन मी गेली कित्येक वर्षे तुझ्यापुढे वाखाणत आलो आहे, म्हणून तुझा प्रश्न मला जरा लागला, हे लपवत नाही. पण प्रश्न रास्त आहे. बाहेरून पाहणाऱ्या कोणालाही तो पडेल.

आधी हा माणूस कुठला, ते थोडक्यात सांगतो. टर्किंग्टन उत्तर आयर्लंडमधल्या पोर्टडाऊनचा, १९८२ सालचा जन्म. गाडी चालवायला तो ज्या शर्यतींत शिकला त्यांना तिकडे ऑटोग्रास म्हणतात: शेतातल्या गवतावर नाहीतर उघड्या मातीवर लंबगोल आखून घ्यायचा आणि त्यावर जुन्या छोट्या गाड्या पळवायच्या. मातीवर चाकाची पकड दर फेरीला बदलते, कधी ओल असते, कधी भुसभुशीत खड्डा पडलेला असतो, त्यामुळे गाडी सरकणार हे धरूनच चालवावे लागते. पुढे तो फोर्ड फिएस्टांच्या स्पर्धेत आला आणि २००२ मध्ये, वयाच्या विसाव्या वर्षी, ब्रिटिश टूरिंग कार स्पर्धेत उतरला. गाडी होती एमजी झेडएस आणि संघाला नाव होते त्या काळी लोकप्रिय असलेल्या अ‍ॅटॉमिक किटन या गायिकांच्या गटाचे. नाव काहीही असले तरी गाड्या तयार करणारे लोक मात्र पक्के होते. वेस्ट सरे रेसिंग ही ती संस्था, आणि तिचे प्रमुख न्यूझीलंडहून आलेले डिक बेनेट्स. पुढे फॉर्म्युला वनचा जगज्जेता झालेला आयर्टन सेना १९८३ मध्ये ब्रिटिश फॉर्म्युला थ्रीचा विजेता झाला तो याच संस्थेच्या गाडीतून. टर्किंग्टन या संस्थेतून एकाहून अधिक वेळा दुसरीकडे गेला आणि दर वेळी परत आला. त्याची चारही विजेतेपदे, २००९, २०१४, २०१८ आणि २०१९, याच गॅरेजातून निघालेल्या बीएमडब्ल्यूंनी मिळवलेली आहेत.

आता तुझ्या प्रश्नाकडे वळतो. तुला आठवते का, कॉलेजच्या दिवसांत आपण पुण्याच्या रेसकोर्सवर कुंपणाला टेकून उभे राहायचो? पैसे लावायला खिशात काही नसायचे, पण घोडे पाहायला मिळायचे. तिथेच एका म्हाताऱ्या गृहस्थांनी आपल्याला हँडिकॅप समजावून सांगितला होता. जो घोडा आधी जिंकत आला आहे त्याच्या पाठीवर जास्त वजन येते, जॉकी हलका असेल तर खोगिराच्या पिशवीत शिशाच्या पट्ट्या घालून ते भरून काढतात, आणि सगळे घोडे एका रेषेत संपवावेत हीच हँडिकॅप ठरवणाऱ्याची इच्छा असते. तू तेव्हा म्हणाला होतास की ही चांगल्या घोड्याला शिक्षा आहे.

ब्रिटिश टूरिंग कार स्पर्धेत २०२१ पर्यंत नेमकी हीच शिक्षा होती, आणि ती घोड्याला मिळते त्याहून वरचेवर मिळे. शनिवारी सुरुवातीच्या जागा ठरवणारी पात्रता फेरी होई आणि रविवारी त्याच मैदानावर तीन शर्यती होत; हे दोन दिवस मिळून मोसमातली एक फेरी. एकूण गुणांत जो सर्वांत पुढे असेल त्याच्या गाडीत पहिल्या शर्यतीआधी सर्वाधिक वजन ठेवले जाई; २०१८ मध्ये ते ७५ किलो होते. एक धडधाकट माणूस शेजारी बसवून शर्यत लावण्यासारखेच ते झाले. त्याच्यामागच्या चालकांना उतरत्या क्रमाने कमी कमी वजन. पहिली शर्यत संपली की तिच्या निकालाप्रमाणे वजने पुन्हा वाटली जात, दुसरी संपली की पुन्हा. तिसऱ्या शर्यतीला तर दुसऱ्या शर्यतीतले पहिले काही क्रमांक चिठ्ठी काढून उलटे केले जात, म्हणजे दुपारी जो जिंकला तो संध्याकाळी सहाव्या ते दहाव्या यांपैकी कुठल्यातरी जागेवरून सुरुवात करी, आणि तीही वजन घेऊन.

या वजनाचा गाडीवर काय परिणाम होतो हे तुला वेगळे सांगायला नको. तुझे सारे आयुष्य ब्रेक आणि सस्पेन्शनमध्ये गेले आहे. ब्रेक लवकर दाबावा लागतो, टायर लवकर तापतात, वळणातून बाहेर पडताना गाडी जड वाटते. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीला हे अधिक जाचते, कारण वळवणे आणि ओढणे ही दोन्ही कामे पुढचेच टायर करतात आणि ब्रेकचा बराचसा भारही त्यांच्यावरच येतो. टर्किंग्टनच्या बीएमडब्ल्यूला ताकद मागच्या चाकांवर मिळते. उभ्यावरून सुटताना तिला त्याचा फायदा होतो आणि लांब शर्यतीत पुढचे टायर टिकतात, हे प्रामाणिकपणे कबूल केले पाहिजे. पण तशीच बीएमडब्ल्यू इतरांकडेही होती, आणि त्या सगळ्यांनी चार विजेतेपदे मिळवली नाहीत.

आता तेव्हाच्या गुणांचा हिशेब पाहा. पहिल्याला २० गुण, दुसऱ्याला १७, मग १५, १३, ११, १० आणि असे उतरत पंधराव्याला १. पात्रता फेरीत पहिला आल्याबद्दल, सर्वांत वेगवान फेरीबद्दल आणि शर्यतीत कुठेतरी आघाडी घेतल्याबद्दल प्रत्येकी एक गुण वर मिळे. समजा, एखाद्याने दहा शर्यती जिंकल्या आणि उरलेल्या वीस शर्यतींत त्याला काहीच मिळाले नाही, तर त्याच्या पदरी दोनशे आणि वर थोडेसे गुण पडतील. दुसरा कोणी तीसही शर्यतींत पाचवा आला, एकदाही पहिल्या तिघांच्या मंचावर चढला नाही, तर त्याचे ३३० गुण होतील. २०१९ चे विजेतेपद किती गुणांना गेले ठाऊक आहे? ३२० ला. मला ठाऊक आहे की तीसही वेळा कोणी पाचवा येत नसतो. पण या स्पर्धेत वर्ष कुठे जिंकले जाते, ते या आकड्यांवरून तुझ्या लक्षात येईल.

२०१८ च्या मोसमात १७ वेगवेगळ्या चालकांनी शर्यती जिंकल्या. अशा वर्षी एकाने सगळ्या लुटून नेणे शक्यच नव्हते. ज्याची गाडी त्या दिवशी हलकी, ज्याची सुरुवातीची जागा पुढची, तो जिंकत होता आणि पुढच्या शर्यतीत वजनाखाली दबून मागे पडत होता. टर्किंग्टन मात्र मोसमाच्या उत्तरार्धात सर्वाधिक वजन घेऊन फिरत राहिला आणि तरीही चौथा, सहावा, आठवा असा गुण वेचत राहिला. त्या वर्षीच्या शर्यती मी दूरचित्रवाणीवर सलग पाहिल्या आहेत. एखादी गाडी आत घुसायला निघाली आणि आपल्याला रोखणे जमणार नाही असे दिसले की, तो दार लावून घ्यायच्या हट्टाला पेटत नसे. एक जागा सोडून देई आणि आपला टायर, आपला आरसा, आपली पुढची शर्यत वाचवी. टूरिंग कारच्या प्रेक्षकांना पत्र्याला पत्रा घासलेला आवडतो, मलाही आवडतो. पण रविवारच्या पहिल्या शर्यतीत वाकलेला सस्पेन्शनचा दांडा तिसऱ्या शर्यतीपर्यंत संघाला छळत राहतो, हे गॅरेजात काम केलेल्या माणसाला जास्त कळते.

यावर तू म्हणशील की हा हिशेबी माणूस झाला, लढवय्या नव्हे. म्हणून २००९ आणि २०१९ सांगतो.

२००९ ची अखेरची फेरी केंटमधल्या ब्रँड्स हॅचला होती. जेसन प्लेटो शेव्हरोले लासेटीत, फाब्रित्सिओ जोव्हानार्दी व्हॉक्सहॉलमध्ये आणि टर्किंग्टन बीएमडब्ल्यूत, असे तिघे विजेतेपदाच्या चढाओढीत होते. प्लेटोने त्या दिवशी तिन्हीच्या तिन्ही शर्यती जिंकल्या. याहून अधिक कोणी काय करू शकतो? आणि तरीही दिवस संपला तेव्हा टर्किंग्टन पाच गुणांनी विजेता होता. प्रतिस्पर्धी डोळ्यांसमोर एकामागून एक शर्यत जिंकतो आहे, प्रत्येक विजयासरशी आपली आघाडी वितळते आहे, आणि अशा वेळी त्याचा पाठलाग करण्याचा मोह आवरून आपल्याला लागणारे गुण तेवढे घ्यायचे: मला ही लढाई समोरासमोरच्या लढाईपेक्षा कठीण वाटते.

त्यानंतर जे झाले त्यामुळे मी या माणसाशी कायमचा बांधला गेलो. २००९ संपल्यावर संघाचा मुख्य प्रायोजक गेला, आणि पुढच्या मोसमात विजेत्यालाच आपले विजेतेपद राखायला गाडी उरली नाही. २०१० चे विजेतेपद प्लेटोला मिळाले, टर्किंग्टन त्या मैदानात नव्हता. तुला आठवत असेल, त्याच सुमारास मंदीत मी जिथे काम करत होतो तो कारखाना बंद झाला. कामात कसूर नव्हती, वरिष्ठांची तक्रार नव्हती, तरी एका शुक्रवारी घरी बसलो. त्या सात महिन्यांत मी टर्किंग्टनच्या बातम्या शोधून शोधून वाचत असे. त्याला जागतिक टूरिंग कार स्पर्धेच्या मोजक्या फेऱ्या मिळाल्या, आणि त्यातल्या जपानमधल्या ओकायामाच्या मैदानावर त्याने एक शर्यत जिंकली. मग तो स्कँडिनेव्हियातल्या स्पर्धेत जाऊन बीएमडब्ल्यू चालवू लागला. जिथे गाडी मिळेल तिथे जायचे आणि तिथे नीट चालवायचे. त्याने कुठे रडगाणे गायल्याचे माझ्या वाचनात आले नाही. मला पुढे डर्बीजवळ कमी पगाराची नोकरी आली तेव्हा मी ती घेतली, आणि ती घेताना मनात तो होता, हे मी आजवर कोणाला सांगितलेले नाही.

२०१३ मध्ये तो परतला. २०१४ च्या एप्रिलमध्ये डॉनिंग्टनच्या मैदानावर मी त्याला पहिल्यांदा प्रत्यक्ष पाहिले. तिथे क्रेनर कर्व्ह्ज नावाचा उतार आहे. गाडी टेकडीवरून खाली झेपावते आणि झेपावता झेपावताच तिला एका अंगावरून दुसऱ्या अंगावर झुकावे लागते, आणि खाली लगेच एक उजवे वळण वाट पाहत असते. मी त्या उताराच्या गवतावर दिवसभर बसून होतो. इतरांच्या गाड्या तिथे वळवळत होत्या, चालक स्टिअरिंगला हिसके देत होते. टर्किंग्टनची छोटी १२५ आय बीएमडब्ल्यू कुणी वरून दोरी धरून उतरवावी तशी खाली जात होती. त्या वर्षी त्याने आठ शर्यती जिंकल्या आणि विजेतेपदही घेतले, तेव्हा ज्याला जिंकताच येत नाही असा तो नव्हता, एवढे तरी मान्य करशील.

मधली दोन वर्षे लवकर सांगून टाकतो. पुन्हा पैशाची अडचण आली, तो बीएमआर संघाकडे गेला, २०१५ मध्ये फोक्सवॅगन सीसी चालवली आणि २०१६ मध्ये नवी कोरी सुबारू लेव्होर्ग. तिची सुरुवात इतकी अडखळत झाली की थ्रक्स्टनच्या फेरीतून संघाला गाड्या मागे घ्याव्या लागल्या. गाडी रुळावर आणण्यात त्या मोसमाचा सुरुवातीचा काळ गेला. २०१७ मध्ये तो बेनेट्सकडे परतला, आणि त्याच वर्षी त्याच लेव्होर्गने तरुण अ‍ॅश सटनला विजेता केले. दुसरा क्रमांक टर्किंग्टनचा.

आता २०१९. अखेरची फेरी पुन्हा ब्रँड्स हॅचला, आणि मी घरी आयटीव्ही ४ लावून बसलेलो. टर्किंग्टन नव्या ३३० आय बीएमडब्ल्यूत एकूण गुणांत आघाडीवर होता. त्याच्यामागे होंडा सिव्हिकमधला डॅन कॅमिश आणि बीएमडब्ल्यूतलाच अँड्र्यू जॉर्डन. दुसऱ्या शर्यतीत कॅमिशचा सहकारी मॅट नील याच्या गाडीचा टर्किंग्टनच्या गाडीला धक्का लागला, ती गरकन फिरली आणि सगळा जथा पुढे निघून गेला. तो २५ वा आला. तिसऱ्या शर्यतीत त्याला २५ व्या जागेवरून सुटायचे होते आणि कॅमिश पुढच्या गाड्यांत होता. माझ्या मुलीने विचारले, "बाबा, आता बंद करू का?" मी नको म्हटले.

ती शर्यत तू पाहावीस म्हणूनच मी हे सारे लिहितो आहे. एका मोसमाची सारी मेहनत एका धक्क्याने गेली आहे असे वाटत असताना या माणसाने घाई केली नाही. पहिल्या फेऱ्यांत पुढे गोंधळ होतो हे त्याला ठाऊक होते. तो गोंधळ निवळू दिला आणि मग एकेक गाडी घेत गेला. एकही गाडी त्याने ढकलून बाजूला केल्याचे मला दिसले नाही. पुढचा चालक ब्रेक जरा लवकर दाबतो आहे, किंवा वळणातून बाहेर पडताना त्याची पुढची चाके घसरत आहेत, एवढे हेरायचे आणि पुढच्या सरळ पट्ट्यावर शेजारी यायचे. तो सहावा येऊन पोहोचला. तरीही कॅमिश आपल्या जागी राहता तर विजेता कॅमिशच झाला असता. जेमतेम दोन फेऱ्या उरल्या असताना हॉथॉर्न बेंड या वळणावर कॅमिशच्या ब्रेकने दगा दिला आणि त्याची गाडी बाहेर गेली.

शेवटचे गुण असे: टर्किंग्टन ३२०, कॅमिश ३१८, जॉर्डन ३१८.

हे नशीब, असे तू म्हणशील. होय, ते नशीबच होते, आणि त्या संध्याकाळी मला कॅमिशसाठी फार वाईट वाटले. ब्रेक जाणे ही काही चालकाची चूक नव्हे, आणि त्याने पूर्ण वर्षभर सुरेख गाडी चालवली होती. पण नशीब ज्या क्षणी दारात आले त्या क्षणी टर्किंग्टन पंधराव्याच्या मागे असता, तर त्याचे ३१० गुण तसेच राहिले असते आणि नशीब त्याला ओलांडून पुढे गेले असते. सहावा आणि आठवा यांतला फरकही दोनच गुणांचा. म्हणजे त्या चढाईतल्या शेवटच्या दोन गाड्याही मोलाच्या होत्या, आणि त्या मागे टाकताना कॅमिशचे ब्रेक जाणार आहेत हे त्याला कोणी सांगितलेले नव्हते. हरलेल्या वाटणाऱ्या शर्यतीत तो सहाव्या क्रमांकासाठी जीव तोडून झटत होता. आणि २०१८ मध्ये एक शर्यत जिंकून जो विजेता झाला, तोही हाच माणूस, याच पद्धतीने.

या स्पर्धेला असे निसटते निकाल जन्मापासूनच लाभलेले आहेत. १९५८ च्या पहिल्याच मोसमात जॅक सिअर्स आणि टॉमी सॉपविथ यांचे गुण समान झाले, तेव्हा ब्रँड्स हॅचलाच दोघांना दोन रायली गाड्या देऊन, अदलाबदल करून, पावसात दोन छोट्या शर्यती लावल्या. सिअर्स दोन सेकंदांहूनही कमी फरकाने पहिला विजेता ठरला. गाडी कोणाची चांगली हा प्रश्नच उरू नये म्हणून ती अदलाबदल होती. पुढे वजनाचा नियम आला तोही मला त्याच जातीचा वाटतो.

शेवटी दोन नावे शेजारी ठेवतो. जेसन प्लेटोने कारकिर्दीत ९७ शर्यती जिंकल्या. या स्पर्धेत इतक्या कोणीच जिंकलेल्या नव्हत्या. त्याची विजेतेपदे दोन, २००१ आणि २०१०. प्लेटो थोर चालक होता आणि त्याला गाडी चालवताना पाहणे हा निव्वळ आनंद होता. त्याला कमी लेखायचे माझ्या मनात नाही. टर्किंग्टनच्या शर्यतींतले विजय त्याच्यापेक्षा पुष्कळ कमी आणि विजेतेपदे चार. त्याआधी चार विजेतेपदे फक्त अँडी राऊजकडे होती: १९७५ मध्ये ट्रायम्फ डोलोमाइट स्प्रिंटमध्ये, मग १९८३, १९८४ आणि १९८५ अशी ओळीने तीन, तीही दर वेळी वेगळ्या कंपनीच्या गाडीत. राऊज स्वतः गाड्या बांधणारा इंजिनिअर. त्याच्या शेजारी टर्किंग्टनचे नाव लागले, यात मला काही खटकत नाही.

पुण्याच्या रेसकोर्सवर तू ज्याला शिक्षा म्हणाला होतास, ती टर्किंग्टनने वर्षानुवर्षे मुकाट्याने गाडीत घेऊन फिरवली आणि तिच्यासकट जिंकला. म्हणून २०१८ चे विजेतेपद मला त्याच्या चारांतले सर्वांत कमी भाग्याचे आणि सर्वांत जास्त कमावलेले वाटते. तू २०१४ चे म्हणशील, कारण त्यात आठ विजय आहेत. म्हण. यावर आपण पुढच्या पत्रात भांडू.

तोवर एक कर. चिरंजीवांना सांगून २०१९ च्या त्या तिसऱ्या शर्यतीचे चित्रण लावून घे. आघाडीच्या गाड्यांकडे पाहू नकोस. मागून पंचविसावी गाडी शोध आणि शेवटपर्यंत तिच्यावरच नजर ठेव. पाहून झाले की मला लिही.

वहिनींना नमस्कार सांग, जिने चढू देऊ नकोस. मुलांना आशीर्वाद.

तुझाच
जुना मित्र